सगळ्यांत मागचा

१

"बूट पुसून घे रे," आई म्हणाली.

"बेटावर जाऊन काळेच होणार आहेत, आई."

"होऊ देत. निघताना तरी माणसाचे दिसू देत."

मुक्या हसला आणि फडकं घेऊन बसला. त्याचं खरं नाव वेगळं होतं, पण लहानपणी बाबांनी लाडानं 'मुक्या' म्हटलं आणि ते जे चिकटलं ते चिकटलंच. शाळा त्यानं लवकर सोडली, तीही अभ्यासाला कंटाळून नव्हे, चारचौघांत उभं राहून उत्तर द्यायच्या भीतीनं. आणि नशिबाची गंमत बघा, पोटासाठी काम मिळालं ते नेमकं बोलायचं. रोज सकाळी पाहुण्यांना बोटीनं ज्वालामुखीच्या बेटावर न्यायचं, वर विवराच्या काठापर्यंत चढवायचं, काय काय आहे ते सांगायचं आणि उजेडात परत आणायचं. चार वाक्यं त्यानं पाठ केली होती. पाचवं कुणी विचारलं की कान लाल व्हायचे.

त्या बेटावर दोन वाटाडे लागत. एक पुढचा, एक मागचा. पुढचा वाट दाखवतो आणि मागचा माणसं राखतो, असं बाबा म्हणायचे. बाबा मागचे होते, जन्मभर. वाट अरुंद, जमिनीतून वाफ फुटलेली, दहा पावलांपुढचा माणूस दिसेल तर शपथ. म्हणून सगळा कारभार कानावर. वाटेच्या प्रत्येक वळणावर एक मोठा खूणदगड होता. पुढच्यानं तिथं थांबून काठीचा एक टोला द्यायचा: मी थांबलोय. मागच्यानं सगळी माणसं गोळा झाली की दोन टोले द्यायचे: सगळे आले, चल पुढं. ते दोन ऐकल्याशिवाय पुढच्यानं पाऊल उचलायचं नाही. आणि कुणाचेही तीन टोले ऐकू आले तर जागच्या जागी वळायचं आणि बोटीकडे निघायचं. वाटेवर एकमेकांना ओलांडायला जागा नाही, त्यामुळे वळलं की मागचा तो पुढचा होतो आणि पुढचा तो मागचा.

बाबांना ही सवय इतकी लागलेली, की रात्रीच्या जेवणाआधी घरातली सगळी आत आली की दाराच्या चौकटीवर काठीनं दोनदा वाजवायचे आणि मगच कडी लावायचे. आई स्वयंपाकघरातून ओरडायची, "कळलं, आले सगळे! ठेवा आता ती काठी, पानं घेतलीत!"

मागच्या हिवाळ्यात बाबा गेले. बेटावर नाही, घरात, आपल्या पलंगावर, आईच्या हातचं पाणी पिऊन. छातीचं दुखणं जुनं होतं. तेव्हापासून आई संध्याकाळी कडी लावत नसे. पहिल्या आठवड्यात मुक्यानं विचारलं तर पटकन बोलून गेली, "सगळे आल्याशिवाय कशी लावू?" आणि मग जीभ चावून भांडी घासायला लागली. मुक्या त्या दिवसापासून धास्तावला होता. आई हसायची, खायची, शेजारणीशी भांडायची, सगळं करायची. पण तिचा एक कान दाराशी असायचा. एक दिवस ती त्या कानामागोमाग निघून जाईल, असं काहीतरी त्याला वाटायचं. काय ते त्याला नीट सांगता आलं नसतं. सांगण्यात तो आधीच कच्चा.

आणि परवा आईच म्हणाली, "तुझे बाबा दिवसभर कुठं असायचे ते एकदा बघायचंय मला. ने."

इतक्या वर्षांत तिनं बोटीत पाय ठेवला नव्हता. आज डोक्याला रुमाल बांधून तयार होती. निघताना तिनं दारामागची बाबांची काठी उचलली. टोकाला लोखंडी टोपण, मुठीला हातानं आलेली झळाळी.

"ती कशाला?" मुक्या म्हणाला.

"चढ आहे ना? मग. का तू उचलून नेणार आहेस?"

२

बोटीत आईचा आणि भाऊजींचा फड रंगला. भाऊजी म्हणजे मुक्याच्या थोरल्या बहिणीचे यजमान, बाबांनंतरचे मागचे. माणूस भला, पण तोंडाला झाकण नाही.

"सासूबाई, आज तुमचा मुलगा बोलताना ऐकायला मिळणार तुम्हाला," ते म्हणाले. "तिकीट काढूनसुद्धा लोकांना क्वचित मिळतं."

"जावईबापू, तुम्ही मध्ये श्वास घेतलात तर तो बोलेल ना."

बोटवाले काका खो खो हसले. पाहुण्यांमध्ये एक नवं लग्न झालेलं जोडपं होतं आणि पांढरी टोपी घातलेले एक स्थूल गृहस्थ, जे प्रत्येक गोष्टीला "असं असं" म्हणत. तेही हसले. फक्त मुक्या पाण्याकडे बघत बसला होता. त्याच्या मनात एक गोष्ट होती.

गेले काही आठवडे त्याला एक आवाज ऐकू येत होता.

भाऊजींच्या काठीला रबरी बूच होतं. तिचा टोला धप् धप् असा, उशीवर थाप मारल्यासारखा. तो झाला की मुक्या पुढचं पाऊल उचलायचा. आणि एक दिवस त्यानं पाऊल उचललं तोच, त्या धप् धप्च्याही मागून, पार खालच्या वळणावरून, लोखंडाचा आवाज आला. टण् टण्.

पहिल्या दिवशी त्याला वाटलं, प्रतिध्वनी. मग वाटलं, तापलेला दगड निवताना वाजतो, तसं असेल. पण दगड नेमका भाऊजींच्या टोल्यानंतरच का निवावा? आणि दोनदाच का? काठी तर घरी दारामागं होती. संध्याकाळी जाऊन त्यानं पाहिली होती, मुठीवर धूळसुद्धा होती. तिसऱ्या-चौथ्या दिवशी त्यानं कारणं शोधायचं सोडून दिलं. खरं सांगायचं तर त्याला ते आवडायला लागलं होतं. पाठीवर कुणीतरी हात ठेवल्यासारखं वाटायचं. सगळे आले. चल पुढं.

भाऊजींना सांगावं तर गावभर होईल. आईला सांगावं तर शब्द कुठून आणायचे? सांगणं जमणार नव्हतं, पण ऐकवणं जमण्यासारखं होतं. तिनं एकदा ऐकलं तर तिलाही कळेल की बाबा आहेत, बरे आहेत, कामावर आहेत. मग ती कडी लावेल आणि नीट झोपेल. असा त्याचा भाबडा हिशेब.

म्हणून बेटावर उतरल्यावर, काळ्या वाळूत उभं राहून पिवळी शिरस्त्राणं वाटून झाल्यावर, सगळ्यांना ओळीत लावताना त्यानं आईला सगळ्यांत मागे ठेवलं. तिच्यामागे फक्त भाऊजी.

"सख्ख्या आईला शेवटी?" भाऊजी म्हणाले.

"तिथून चांगलं ऐकू येतं," मुक्या म्हणाला आणि त्याचे कान लाल झाले.

३

वर चढताना जमीन बुटांतून कोमट लागत होती. सगळीकडे विझलेल्या आगकाडीचा वास. कडेच्या भेगांवर पिवळी साय धरलेली, आणि वाफ अशी उठत होती की जणू जमिनीखाली कुणी मोठं भांडं चुलीवर ठेवून विसरून गेलंय. मुक्यानं आपली चार वाक्यं म्हटली. टोपीवाले म्हणाले, "असं असं."

पहिला खूणदगड. मुक्यानं एक टोला दिला.

धप् धप्.

तो थांबला. श्वास रोखला.

टण् टण्.

आज आवाज नेहमीपेक्षा बराच जवळून आला होता. क्षणभर तो दचकला आणि लगेच स्वतःलाच हसला. अरे, काठी आज आईच्या हातात नाही का! तिनंच वाजवलं असणार. बाबांसारखं करून बघितलं असेल. त्याला तिच्यावर माया दाटून आली, आणि थोडं वाईटही वाटलं. खरा आवाज आला तरी आज तो ओळखू येणार नव्हता.

अर्ध्या वाटेवर पत्र्याची खोली होती. पूर्वी इथं गंधक काढायचं काम चालायचं, त्या माणसांची जेवायची जागा; एका स्फोटानंतर त्यांतलं कुणी बोटीपर्यंत परत आलं नव्हतं. लांबलचक एकच खोली, भिंतीला लागून लाकडी बाक, बाकाच्या वर कपडे अडकवायच्या खुंट्यांची रांग. खिडक्यांना काचा नव्हत्या आणि पत्रा गंजून इतका पातळ झालेला, की उन्हाचे ठिपके जमिनीवर सांडले होते. सगळे पाहुणे इथं बसून पाव आणि उकडलेली अंडी खात. आईनं बसायच्या आधी हातानं बाक झटकला आणि थबकली.

"इथं रोज कोण पुसतं रे?"

"कुणी नाही. का?"

"धूळ नाहीये." तिनं बोट दाखवलं. खोलीभर राखेचा थर होता. बाक मात्र या टोकापासून त्या टोकापर्यंत स्वच्छ. बसून बसून होतो तसा.

"आपलेच लोक बसतात की," भाऊजी अंडं सोलत म्हणाले. मुक्याला ते पटलं. पाहुणे दाराजवळच्या एका कोपऱ्यातच मावत, हे त्यानं मनात येऊ दिलं नाही.

आईनं थर्मासमधला चहा ओतला आणि दाराबाहेर बघत राहिली.

"ते मागचे अजून आले नाहीत. फार हळू चालतात बाई."

"कोण मागचे?"

"आपल्यामागचा ग्रुप. दम लागलाय वाटतं त्यांना. नुसते पाय घासत येताहेत."

मुक्यानं भाऊजींकडे पाहिलं. बेटावर दिवसाला एकच बोट येते. हे भाऊजींना माहीत होतं, मुक्याला माहीत होतं, आईलाही घरात हजारदा ऐकून माहीत असायला हवं होतं.

"सासूबाई, वाफ आहे ती. फुसफुसते," भाऊजी म्हणाले.

"वाफेला बूट असतात का, जावईबापू?"

मुक्या आईजवळ सरकला आणि हळूच म्हणाला, "आई, मघाशी दगडावर काठी तूच वाजवलीस ना?"

"मी? मी कशाला वाजवू?" ती म्हणाली. आणि मग तिनं त्याच्याकडे असं पाहिलं, की त्याला कळलं, तिनंही ऐकलं होतं. तिचा चेहरा एकदम कोवळा झाला होता, दिवा जवळ आणल्यासारखा. मुक्याला वाटलं होतं तसंच सगळं झालं होतं. मग त्याच्या पाठीतून गार काहीतरी का उतरलं, ते त्याला कळेना.

४

ते कळलं पुन्हा चढायला लागल्यावर.

मागचा माणूस कधी एकटा चालत नाही. मागच्याचं कामच ते: कुणीतरी पुढं असतं म्हणून तो मागं असतो. मुक्या इतके दिवस तो आवाज ऐकत होता आणि बाबा आहेत एवढंच म्हणून खूश होता. बाबा कुणाच्या मागे आहेत, हा विचार त्याला एकदाही शिवला नव्हता. दोन टोले म्हणजे सगळे आले. सगळे म्हणजे कोण?

त्या लांबलचक बाकाची आठवण झाली आणि त्यानं पावलं उचलली.

वर वाफ दाट होती. काठाच्या आधीच्या खूणदगडाशी तो थांबला. टक्.

बराच वेळ काही नाही. मग धप् धप्. आणि त्याला जवळजवळ लागूनच, टण् टण्.

सवयीनं त्याचा पाय उचलला गेला. सगळे आले. पण वाफेतून पाहुणे जवळ आले तेव्हा त्यांच्यामध्येच भाऊजी होते, टोपीवाल्यांच्या काखेत हात घालून.

"यांना चक्कर आली," भाऊजी म्हणाले. "मुक्या, तुझी काठी दे यांना."

मुक्यानं काठी दिली. भाऊजींच्या मागे वाट रिकामी होती.

"आई कुठंय?"

"खालच्या दगडापाशी बसल्यात. मी म्हटलं, थांबतो. तर म्हणाल्या, तुम्ही यांना सांभाळा, मी मागच्यांबरोबर येते. थट्टा करतात रे त्या. दोन मिनिटांत..."

"तुम्ही दोन टोले दिलेत, भाऊजी!"

"सवय रे." भाऊजींचा चेहरा उतरला. मुक्याला एवढ्या मोठ्यानं बोलताना त्यांनी कधी ऐकलं नव्हतं.

"इथून कुणी हलू नका," मुक्या म्हणाला, दगडाला अंग घासत त्यांच्या कडेनं निघाला आणि वाफेत शिरला.

५

आई खूणदगडाच्या कडेला बसली होती. पाय आत ओढून घेतलेले, काठी मांडीवर आडवी. अरुंद जागेत दुसऱ्यांना जाता यावं म्हणून बाया बसतात तशी. आणि तिच्यासमोरून, वाटेवरून, पाय घासत कुणीतरी जात होतं.

दिसत काही नव्हतं. पण राख चुरचुरत होती, एका लयीत, एकामागून एक. दमलेल्या माणसांची चाल. मध्येच कुणी खोकलं. आई मान लववून हळूच म्हणत होती, "या, या. सावकाश."

"आई, ऊठ."

"थांब रे. जाऊ देत त्यांना. किती लांबून आलेत."

"आई, बेटावर दुसरं कुणी नाही."

"बरं, नाही," ती समजुतीनं म्हणाली, लहान मुलाला म्हणावं तसं. "आता दोघंच राहिलेत. म्हणजे एकच. त्याच्या पुढची जागा मोकळी आहे बघ."

वाऱ्याची झुळूक आली. वाफ फाटली, पडदा बाजूला करून पुन्हा सोडावा एवढाच वेळ. मुक्याला वाटेवर पाठी दिसल्या. वाकलेल्या, राखेच्या रंगाच्या पाठी, प्रत्येकाचा हात पुढच्याच्या खांद्यावर. शेवटच्या पाठीनंतर एका माणसापुरती जागा सोडलेली. आणि त्या जागेच्या मागे, वाफेच्या काठावर, कुणीतरी काठी मानेवर आडवी टाकून, दोन्ही मनगटं तिच्यावरून लोंबत सोडून उभं होतं. बाबा दमले की असे उभे राहायचे. चेहरा दिसायच्या आत वाफ मिटली.

टण् टण्. अगदी शेजारी.

आई उठली. रुमाल सारखा केला, कपड्यांवरची राख झटकली आणि हसली. लग्नाला निघताना आरशासमोर हसायची तशी. मग तिनं त्या मोकळ्या जागेकडे एक पाऊल टाकलं.

मुक्याला ओरडता आलं नाही. आयुष्यात ऐन वेळी त्याला शब्द कधी सापडलेच नव्हते. त्यानं एका हातानं आईचं मनगट धरलं, दुसऱ्या हातानं तिच्याकडची काठी हिसकली आणि दगडावर मारली. एक. दोन. तीन.

चुरचुर थांबली.

सगळं बेट कान देऊन ऐकतंय असं त्याला वाटलं. मग राखेत पाय वळल्याचा आवाज आला. एकाचा नाही, अनेकांचा, जागच्या जागी. बाबांनी नियम कधी मोडला नव्हता. घासत, खोकत ती चाल उलटी फिरली, दोघांच्या समोरून गेली आणि खाली, बोटीच्या दिशेनं जाऊ लागली. सगळ्यांच्या पुढे लोखंडी टोकाचा आवाज.

आई त्या आवाजाच्या दिशेनं बघत होती. तिचं मनगट मुक्याच्या मुठीत गार होतं, आणि खालची जमीन तर कोमट होती.

६

वरून भाऊजींचा आवाज आला, "तीन ऐकले! वळतोय रे आम्ही!" आणि टोपीवाल्यांची कुरकुर, "अहो, विवर राहिलं ना!"

मुक्या आईला घेऊन उतरू लागला. पुढच्या वळणाच्या अलीकडे त्याला थांबावं लागलं. पुढून एक टोला आला होता.

टण्.

मी थांबलोय.

त्यानं वाट पाहिली. पुढं राख चुरचुरत नव्हती. ते सगळे थांबले होते, वळणावर, वाट अडवून. आणि बाजूनं जायला जागा नव्हती. मागून भाऊजी पाहुण्यांना घेऊन येत होते. मुक्याच्या कपाळावर घाम आला. दोन ऐकल्याशिवाय पुढचा पाऊल उचलत नाही. आणि वळलं की मागचा तो पुढचा होतो, आणि मग मागचा...

"उत्तर दे ना," आई हळूच म्हणाली. "उभे आहेत बिचारे."

त्याच्या हातात बाबांची काठी होती. त्यानं दोन टोले दिले. पुढं पाय हलले.

मग प्रत्येक वळणावर तेच. पुढून एक, मागून दोन. हळूहळू मुक्याची भीती विचित्र झाली. लहानपणी बाबा त्याला हे शिकवायचे, अंगणात, दोन डबे घेऊन. तू मागचा, मी पुढचा. तो चुकायचा आणि बाबा पुन्हा पहिल्यापासून घ्यायचे, न चिडता. आताही तो टोला तसाच होता, घाई नसलेला. एका वळणावर मुक्याचे डोळे भरून आले, आणि त्याच वेळी अंगावर काटाही होता.

किनाऱ्यावर वाफ संपली. काळी वाळू, समुद्र, धक्का. कुणीही नव्हतं. मुक्यानं इतका मोठा श्वास सोडला की आई हसली.

बोटवाले काका झाडू घेऊन बोटीतली राख लोटत होते. "किती वेळा सांगायचं," ते वैतागून म्हणाले, "पाय झटकून चढा म्हणून."

"आम्ही अजून चढलो कुठं, काका?" मुक्या म्हणाला.

काकांनी झाडूकडे पाहिलं, फळीकडे पाहिलं आणि डोकं खाजवलं.

बोट निघाल्यावर भाऊजी जवळ येऊन बसले. खाली मान घालून म्हणाले, "चुकलं माझं, सासूबाई. मागच्यानं माणूस सोडायचं नसतं."

"असू दे हो. काही हरवलं का माझं?" आई म्हणाली. तिचे गाल लाल होते, वाऱ्यानं असतील.

"पण मुक्या, एक सांग," भाऊजी म्हणाले. "उतरताना तू दोन-दोन टोले कुणाला देत होतास? पुढं तर तूच होतास."

मुक्यानं ऐकू न आल्यासारखं केलं. मुकं असण्याचा तेवढा एक फायदा असतो.

७

घरी पोचले तेव्हा दिवेलागण होत होती. ओळखीचं दार, ओळखीचा कुलपाचा खुळखुळाट, आत सकाळचं फडकं पडलेलं तिथंच. मुक्यानं काठी दारामागं ठेवली, तोंडावर पाणी मारलं आणि खुर्चीत बसून राहिला. घर इतकं घरासारखं होतं की दिवसभराचं सगळं वाफेत गेलं. गंधकानं डोकं हलकं होतं, जुने वाटाडे सांगतातच. उद्या भाऊजींना पुढं करायचं. आईला पुन्हा न्यायचं नाही.

स्वयंपाकघरात भांड्यांचा आवाज आला. आई गुणगुणत होती. किती महिन्यांनी! मुक्याला बरं वाटलं. ऐकवल्याचा गुण आला म्हणायचा. तो आत गेला.

आईनं चुलीवर सगळ्यांत मोठं पातेलं ठेवलं होतं. बहिणीच्या लग्नात काढलेलं, त्यानंतर माळ्यावरच असलेलं. ओट्यावर कप मांडले होते. घरातले सगळे कप, मग पेले, मग वाट्या.

"एवढा चहा कुणाला, आई?"

"अरे, असं काय करतोस?" ती साखरेचा डबा काढत म्हणाली. "तीन टोले तूच दिलेस ना? तीन म्हणजे घरी चला."

"तीन म्हणजे बोटीकडे," मुक्या म्हणाला.

"तेच ते. तुझे बाबा बोटीतून उतरून दुसरीकडे कुठं जायचे?"

मुक्या वळला. बाहेरच्या खोलीतून दार दिसत होतं. नुसतं लोटलेलं. कडी लावलेली नव्हती.

तो धावला, पण बाहेरच्या फरशीवर आधीच पाय घासल्याचा आवाज येत होता. एकामागून एक, रस्त्याच्या टोकापर्यंत. कुणीतरी खोकलं. शेजारच्या घरात रेडिओ चालू होता, कुणाचं तरी बाळ रडत होतं, आणि त्या सगळ्याच्या मधून, दाराच्या चौकटीवर, लोखंडाचा आवाज आला.

टण्.

एकच. मी थांबलोय.

बाबांची काठी मुक्याच्या हातात होती. केव्हा उचलली, त्याला आठवेना.

"दे उत्तर," आई आतून म्हणाली. "आधण आलंय."

त्यानं पाठ दाराला लावली. पुढच्यानं एक दिला की मागच्यानं दोन द्यायचे. आणि मागचा तोच होता. त्यानं काठी जमिनीपासून वर उचलून धरली, लोखंडी टोपण फरशीला टेकू नये म्हणून. जोवर ती टेकत नाही, तोवर बाबा पाऊल उचलणार नाहीत. बाबांना तो ओळखत होता. ते थांबतील. चिडणार नाहीत, ढकलणार नाहीत, कडी नाही म्हणून दार उघडणारही नाहीत. नुसते थांबतील, मुलाला उत्तर आठवेपर्यंत.

टण्.

चहाचा वास घरभर पसरला आणि मग हळूहळू उतरला. शेजारचा रेडिओ बंद झाला. काठी जड होती, वाटली होती त्यापेक्षा कितीतरी जड. मुक्याचा खांदा भरून आला, कोपर थरथरू लागलं, आणि टोपण फरशीपासून बोटभर अंतरावर डुलू लागलं.

आई हात पुसत बाहेर आली. त्याच्याकडे बघून तिचं मन भरून आलं असावं, कारण ती अगदी जवळ आली आणि लहानपणी पुसायची तसा तिनं त्याच्या कपाळावरचा घाम पुसला.

"हात भरून आला ना रे माझ्या राजाचा," ती म्हणाली, आणि काठीच्या मुठीवर, त्याच्या हातावर, तिनं आपला गार हात ठेवला. "आण इकडं. मी धरते जरा."